पायांवर नेम

१२ ऑक्टोबर

प्रिय बारक्या,

ताईचे आशीर्वाद. तुझी तब्येत ठणठणीत असेल असं धरून लिहिते. आई बरी आहे. गुडघे कुरकुरतात, पण जीभ अजून शाबूत. कालच येऊन मावशीला भांडी कशी घासायची ते शिकवून गेली. मी सध्या मावशीकडेच आहे, माळ्यावर, पाण्याच्या टाकीशेजारी. टाकी गळते, मावशी घोरते, दोघींचा ताल मस्त जमलाय.

हे पत्र शेजारची नर्स आणेल. ती तुमच्या छावणीच्या दवाखान्यात कामाला आहे. चांगली मुलगी आहे.

तू लष्करात भरती झालास तेव्हा मी जे बोलले त्याबद्दल आत्ता नको. गोदीत काय झालं ते तुम्हाला छावणीत भलतंच सांगितलं असेल, म्हणून मी पाहिलं ते लिहिते.

जनरलसाहेबांनी खुर्ची बळकावल्यापासून शेजारच्या देशातल्या लढाईत आपलं सरकार कुणाच्या बाजूला आहे, हे तुला मी काय सांगू. त्या लढाईसाठी तोफगोळे न्यायला एक जहाज आलं. आधीच्या दोन देशांतल्या गोदी कामगारांनी माल चढवायला साफ नकार दिला होता, म्हणून अर्धं रिकामंच आपल्या धक्क्याला लागलं. आमची सभा झाली. उस्ताद उभे राहिले. बाबा गेल्यावर ज्यांनी मला क्रेन शिकवली, तुला खांद्यावर बसवून जहाजं दाखवली, ते आपले उस्ताद. म्हणाले, "तिकडच्या गोदीतही आपल्यासारखीच माणसं आहेत. त्यांच्या डोक्यावर पडायचं ते आपल्या हातून चढणार नाही. बास." एवढंच भाषण. सगळ्यांनी काम थांबवलं.

मंगळवारी सकाळी लष्कर आलं. ट्रकवर लादलेले तोफगोळ्यांचे खोलीएवढे लोखंडी डबे सोबत, आणि चढवायचे आम्ही. कुणी हलेना. मग मेजरने उस्तादांच्या कपाळाला पिस्तूल टेकवलं आणि विचारलं, "यातला क्रेनवाला कोण?"

मी म्हटलं, "मी."

तो हसला. "बाई?"

"वर चढून दाखवू का?" मी म्हटलं. आणि चढले, कारण पिस्तूल तिथून हलायला हवं होतं.

मी केबिनमध्ये बसले, पहिला डबा उचलला. खाली त्यांनी उस्तादांना सोडलं. वाटलं, आता घरी जातील. कसले जातात! सरळ चालत गेले आणि क्रेनच्या रुळांवर मांडी घालून बसले. त्यांच्यामागे एकेक करत सगळे बसले. क्रेन पुढे न्यायची तर त्यांच्या अंगावरून. मी हात थांबवला. डबा हवेत झुलत राहिला.

सैनिकांची रांग पुढे आली. वर काचेआड गोळ्यांचा आवाज फार ऐकू येत नाही रे. फक्त धूर दिसला, आणि उस्ताद मागे कलंडले. पुढच्या ओळीतली माणसं आडवी झाली. एकजण स्वतःचा जबडा दोन्ही हातांनी धरून गोल गोल फिरत होता. रुळांच्या खाचेतून रक्त पाण्यासारखं धावत होतं. मागची माणसं पळाली, पण पळणार कुठे? मागे समुद्र. उड्या मारल्या त्यांच्यावर पाण्यातही गोळ्या झाडल्या.

मग एक ट्रक पुढे आला. त्याच्या टपावर मोठी मशीनगन. ती हळूहळू वळत होती, उरलेल्या घोळक्याकडे.

मी क्रेनचा दांडा फिरवून डबा त्या ट्रकवर नेला आणि सोडला.

ट्रक चपटा झाला. मेजर आत होता. बाकी किती होते ते मला माहीत नाही. मागच्या शिडीने मी उतरले, दोन हमालांनी मला मध्ये घेतलं आणि त्या धावपळीत बाहेर काढलं. आता माझा फोटो चौकाचौकात लावलाय म्हणे. मावशी म्हणते, फोटो मेला भयंकर आलाय, कुणी ओळखायचं नाही. रविवारी मच्छीमारांची एक नाव मला पलीकडे नेणार आहे.

आता जे लिहायला बसले होते ते लिहिते. हा कागद इथवर भरला तो ते टाळण्यासाठीच.

त्या ट्रकच्या दारावर पिवळा ससाणा होता. तुमच्या पलटणीचा. वरून मला तो स्पष्ट दिसला होता, डबा सोडायच्या आधी दिसला होता. हेल्मेटं सगळी सारखीच, बारक्या. मी तुझी मान शोधली, चालण्याची ढब शोधली. सापडली नाही. मशीनगन वळतच होती. मग मी शोधणं थांबवलं.

नर्सला सांगितलंय, आधी वॉर्डात बघ. नसला तर तळघरात, शवागारात बघ. तिथे असला तर पत्र परत आण.

आईला त्या पिवळ्या ससाण्याचं काही ठाऊक नाही. तिला वाटतं, तू सराव करायला डोंगरात गेला आहेस.

तुझ्या उत्तराकडे कान लावून बसलेली,
ताई


१५ ऑक्टोबर

प्रिय ताई,

शिरसाष्टांग नमस्कार. अक्षर वाकडं आहे, डाव्या हाताचं आहे. ट्रकचा पत्रा उडून उजव्या खांद्याचं हाड मोडलं. नर्सबाईंनी पट्टी बदलताना पत्र उशीखाली सरकवलं. दाराशी पहारा आहे, पण पहारेकरी माझ्याच तुकडीतला. तो खिडकीबाहेर बघत बसलाय.

मी ट्रकमध्ये नव्हतो. ट्रकच्या बाजूला होतो. रांगेत.

तू लिहिलंस की वरून फक्त धूर दिसला. मला जवळून दिसलं. उस्ताद माझ्या बरोब्बर समोर बसले होते. त्यांनी मला ओळखलं. "अरे बारक्या, तू? जेवलास का?" असं म्हणाले. शेजारच्याने विचारलं, कोण रे हा? म्हटलं, कुणी नाही.

हुकूम आला, पायांवर नेम धरा. बसलेल्या माणसाचे पाय आणि छाती वेगळी नसतात, ताई. सगळ्यांनी झाडल्या. मीही झाडली. कुणाची कुठे लागली असं इथे सगळे एकमेकांना विचारतात. मी विचारत नाही. माझ्यासमोर तेच होते.

मशीनगनवर होता तो माझ्या शेजारच्या खाटेवर झोपायचा. भित्रा होता. अंधारात एकटा बाहेर जात नसे, मला उठवायचा. त्याचं बोट चापावर होतं हेही खरं आहे. तू नसतीस तर ती सगळी माणसं गेली असती. तरी तो मला आठवतो, आणि तू त्याच्यावर डबा टाकलास तेही आठवतं. दोन्ही एकाच वेळी. काय करायचं ते कळत नाही.

डबा पडल्यावर सुभेदार ओरडला, पुन्हा झाडा. कुणी झाडली नाही. आमची सगळी रांग तशीच उभी राहिली. जहाज दुपारी निघून गेलं, आलं तसंच अर्धं रिकामं. हे तुला कुणी सांगितलं नसेल म्हणून लिहितो.

काल राजधानीतून एक कर्नल आला. खाटेवर बसला, आईची चौकशी केली. मग टाइप केलेला एक कागद काढला. त्यात लिहिलंय, म्हाताऱ्याने पिस्तूल काढून आधी गोळी झाडली. आणि क्रेनची तार तुटली, अपघात झाला. एका बाईने मेजरला चिरडलं हे त्यांना जगापुढे नकोय. पलीकडच्या देशांचे बातमीदार येऊन बसलेत. म्हणाला, "सही कर. तू घरी, बहीण घरी, तिचे फोटो संध्याकाळच्या आत उतरतील. आई दोघांना एकदम जेवायला वाढेल."

मी विचारलं, नाही केली तर?

"तर तू हुकूम मोडणारा, आणि ती खुनी. दोघांना एकच भिंत."

उद्या सकाळी तो परत येणार आहे. ताई, मी सही करणार नाही. उस्तादांकडे पिस्तूल नव्हतं. त्यांनी मला जेवलास का विचारलं होतं. मी त्यांना एकदा मारलं आहे, कागदावर दुसऱ्यांदा मारणार नाही. बातमीदारांपर्यंत पोचता आलं तर तेच सांगेन, माझ्या गोळीसकट.

म्हणजे तुला घरी परतता येणार नाही. कदाचित कधीच. तुझ्या वाट्याचं मी परस्पर ठरवलं. तुला विचारायला हवं होतं, पण रविवार जवळ आलाय आणि तू नाही म्हणाली असतीस तर माझा धीर सुटला असता.

नावेत बस. मागे बघत राहू नकोस. आईला मी डोंगरातच आहे असं राहू दे.

तुझं घर तुला न विचारता गमावणारा, तरी तुझाच,
बारक्या