वीस दिवसांत बंगाली

१२ एप्रिल
बंगाली शिकायचं ठरलं. मे महिन्यात मुलगा रत्नदीप कोलकात्याहून बायको-मुलीला घेऊन सोलापुरात येतोय. नात कीर्ती पाच वर्षांची, फक्त बंगाली बोलते. मागच्या खेपेला मला बघून रडली होती. मुलीला मराठी शिकवलं नाही ही रत्नदीपची चूक, दुरुस्ती माझ्याकडे. बत्तीस वर्षं शाळेत व्याकरण शिकवलंय, मला क्लासची गरज नाही. पुस्तक आणलं. तीस दिवसांचं आहे. मला वीस पुरेत.

१५ एप्रिल
बंगालीत 'चेष्टा' म्हणजे प्रयत्न. चांगुणाला सांगितलं, रोज दोन तास चेष्टा करणार. म्हणाली, "कुणाची?" बायकोला भाषेत रस नाही.

२३ एप्रिल, दुपार
ऊन ४३. अशात नवी लिपी शिकणं तब्येतीला बरं नाही. लिपी रद्द. बोलण्यावर भर.

४ मे
व्हिडिओ कॉल. कीर्तीला चार वाक्यं ऐकवली. सूनबाई मौशुमीला मोडकंतोडकं मराठी येतं. हसून म्हणाली, "बाबा, कीर्ती म्हणते, मराठी किती गोड!" मी बंगालीत बोलत होतो. नेटवर्कचा प्रॉब्लेम.

१२ मे
मंडळी आली. कीर्ती माझ्याकडे येईना. चांगुणा म्हणाली, "ये माजे बाय, भात खाती का?" पोरगी थेट तिच्या मांडीवर. बंगालीतही भाताला भातच म्हणतात. निव्वळ योगायोग.

१४ मे
यश! कीर्तीनं आपणहून येऊन लांबलचक प्रश्न विचारला. सगळा समजला, तपशील सोडून. "ह्यां, ह्यां," म्हणालो. म्हणजे हो. ती अंगणात गेली आणि पिण्याच्या पिंपाची तोटी सोडून धारेखाली आंघोळीला बसली. पिंप रिकामं. नळाला पाणी परवा. चांगुणा सगळ्यांदेखत म्हणाली, "समजत न्हाय तर व्हय कशाला म्हणायचं?" म्हटलं, संभाषण झालं हे महत्त्वाचं. कोणी ऐकून घेतलं नाही.

१५ मे, सकाळ
खोलीतच आहे. चहाला गेलो नाही. रुसलेलो नाही, क्रियापदं करतोय.
कीर्ती दारातून डोकावली आणि आईला ओरडून म्हणाली, "दादूर ओभिमान होयेछे!" दादू म्हणजे आजोबा. ओभिमान म्हणजे अभिमान. नातीला माझा अभिमान वाटतो! शेजारच्या बाळासोंना खिडकीतूनच सांगितलं.

१५ मे, दुपारी तीन
मौशुमी येऊन म्हणाली, बंगालीतला ओभिमान वेगळा. आपल्याच माणसानं दुखावलं की माणूस गप्प होऊन बसतो, तो. "बाबा, याला मराठीत काय म्हणतात?"
म्हटलं, शब्दकोशात बघून सांगतो.
तेवढ्यात कीर्ती आमटी सांडत ताट घेऊन आली. म्हणाली, "खाबे?"
हे समजलं.
जेवलो. भूक लागली होती, एवढंच.