आईच्या चेहऱ्याखालची ओळ

३ मार्च, सोमवार
आज केलं ते लिहून ठेवतो. संकलक बाईंनी माझ्या फिल्ममधला आईचा प्रसंग लावला होता — भावांच्या नकळत घेतलेला. आमची बोली त्या इमारतीत मला एकट्यालाच येते. जिच्यासाठी छड्या खाल्ल्या, सातवीत शाळा सोडली, तीच!

आई पडद्यावर रडत बोलली. बाईंनी विचारलं, "काय म्हणाल्या?" शेजारी शिंपी. चार वर्षं एका खोलीत संसार करतोय आम्ही.

आई म्हणाली होती, "त्याला इथे आणू नकोस. तुझे भाऊ त्याला जिवंत सोडणार नाहीत."

मी पडद्याच्या खाली मराठीत लिहिलं, "त्यालाही घरी घेऊन ये."

शुद्धलेखन दोनदा तपासलं.

४ मार्च
झोप नाही.

७ मार्च, शुक्रवार
बाईंना म्हटलं, ती ओळ बदलू या. "वेडा आहेस का? फिल्मचा जीव आहे त्यात!" खरं लिहिलं तर आमची माणसं रानटीच, असं म्हणायला लोक टपलेलेच. आणि आई तर त्याला वाचवायला बोलली होती! तेही मी पुसलं.

९ मार्च, रविवार
शिंप्यानं चित्र थांबवून आईच्या खांद्यांचं माप घेतलं. तिच्या खांद्यावर माझा पंजा आहे, त्या हिशोबानं. ब्लाउज शिवणार म्हणे. मी म्हटलं, घाई काय? "मास्तर," — शुद्धलेखनावरून तो मला मास्तर म्हणतो — "मला आई नाही. तुझी वापरू दे की थोडी!"

सांगायला तोंड उघडलं. चहा पिऊन मिटलं. उद्या नक्की.

१० मार्च
नाही सांगितलं.

१३ मार्च, गुरुवार
पहिला खेळ. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी माझ्या शेजारी उभ्या शिंप्याचा हात धरला, "जाऊन या हो आईंकडे. पिकलं पान असतं."

परतताना शिंपी म्हणाला, "भित्रा आहेस तू. आई बोलावते आणि तुझा पाय निघत नाही!" कानाखाली वाजवली असती तर बरं झालं असतं.

१७ मार्च, सोमवार
नऊला उठलो. शिंपी नाही. दुकानात गेलो. मालक हसत होता — "सासुरवाडीला जातो म्हणून रजा टाकली की! लग्न कधी केलं रे त्यानं?"

त्याचा फोन बंद. आईकडे फोन नाही. पहाटेची गाडी अकराला आमच्या गावी पोहोचते.

साडेअकरा झालेत.