आधी समोरच्याची बाजू

लोणावळा,
९ सप्टेंबर २०२५

ती. बाबांस,
सविनय जय भीम.

मी बरी आहे. तुमचा गुडघा कसा आहे? लेण्यांच्या पायऱ्या चढू नका असं डॉक्टरांनी बजावलंय आणि तुम्ही चढत असणार, हे मला पक्कं ठाऊक आहे. इकडे पाऊस ओसरलाय, पण खोलीतली गादी अजून ओलसर लागते आणि कपड्यांचा कुबट वास काही जात नाही.

लोणावळ्याहून मळवली एकच स्टेशन, आणि पोरगी पोस्टाने पत्र धाडतेय म्हणून हसाल. पण फोनवर आपण दोघंही पहिल्याच वाक्याला आवाज चढवतो. कागदावर निदान एकमेकांचं बोलणं मधेच तोडता येत नाही. वर्षभर असंही आपण काही बोललेलो नाही.

प्रबंध संपत आलाय. तुम्हाला ज्याचा राग, तोच. पुढच्या महिन्यात पुण्याला विद्यापीठात तो सगळ्यांसमोर मांडायचा आहे आणि तुम्ही तिथे यावं असं मला वाटतं. हे पत्र त्यासाठीच आहे, उगाच आढेवेढे घेत नाही.

तुम्ही म्हणाला होतात, "तुज्या आज्यानं छप्पन साली घरातले देव इंद्रायणीत सोडले, आन् तू ते पुस्तकात हुडकाया निगालीस?" बाबा, मी देव शोधत नाही. टेकडीवरच्या ख्रिस्ती मठाच्या ग्रंथालयात बसून मी युरोपातल्या दोन काळांची तुलना करते. एक, सात-आठशे वर्षांपूर्वीचे मठातले शिक्षक. ते म्हणत, बुद्धी देवानेच दिली, तेव्हा ती नीट चालवली तर त्याच्याविरुद्ध जाणारच नाही. हलणाऱ्या प्रत्येक गोष्टीला हलवणारं कुणी लागतं, त्यालाही आणखी कुणी. असं मागे मागे जाताना कुठेतरी थांबावं लागतं, आणि ते थांबायचं ठिकाण म्हणजे देव. आता तुम्ही कपाळाला आठ्या घालून विचारणार, मग त्याला कुणी हलवलं? विचारा. त्यांनी तो प्रश्न स्वतःच स्वतःला विचारून ठेवलाय.

दुसरे त्यांच्यानंतर पाचेकशे वर्षांनी आलेले, तुमच्या जातकुळीचे. ते म्हणाले, धर्मग्रंथ असो की राजा, बुद्धीच्या तपासणीतून सूट कुणालाच नाही. मग त्यांनी खुद्द बुद्धीलाही जाब विचारला, बाई, तुला नेमकं कळतं तरी किती? उत्तर आलं, अनुभवाला येतं तेवढंच. देव, आत्मा, मेल्यावर काय, हे तिला सिद्धही करता येत नाही आणि खोटंही पाडता येत नाही. तरी प्रश्न विचारायची तिची खोड काही मोडत नाही.

मठातल्या त्या लोकांची एक रीत मला फार आवडते. वादात आपलं उत्तर देण्याआधी समोरच्याची बाजू आपल्या तोंडाने सांगायची, आणि ती अशी सांगायची की त्याने स्वतः म्हणावं, हो, हेच मला म्हणायचं होतं. मगच आपण बोलायचं. तर ही तुमची बाजू: "माणूस म्हणजे शरीर. शरीर थांबलं की माणूस संपला. बाकी सगळ्या पोटभरू लोकांनी रचलेल्या गोष्टी."

आता माझं उत्तर. परवा बाजारात रतनआत्या भेटली. म्हणाली, "आगं, तुजा बा लेण्याखाली तुज्या आईच्या जागंवर बसून कणसं भाजतो. गिऱ्हाइकं गेली की रोज आपल्यापुरती दोन भाजतो. एक खातो, दुसरं तसंच ठिवतो."

आई गेली त्या दिवशी दवाखान्याच्या व्हरांड्यात मी तुम्हाला विचारलं होतं, आई आता कुठे असेल? तुम्ही म्हणालात, "कुटंच न्हाई." आणि पाठ फिरवलीत. मी घर सोडलं ते प्रबंधावरून नाही, त्या दोन शब्दांवरून. आई कुठेच नसेल, तर ते दुसरं कणीस कुणासाठी, बाबा?

उत्तर नसेल तर वाद मी जिंकला असं धरते.

तुमची,
समीक्षा


भाजे,
१४ सप्टेंबर

समे,
जय भीम. गुडघा बरा आहे. पायऱ्या चढतो.

तू लिहिलीस ती माझी बाजू नाही. तुझ्या मठातल्या गुरुजींनी तुला नापास केलं असतं.

मी लहान असताना माझी धाकटी बहीण रेणुका तापाने गेली. आबांनी देव सोडले होते, पण आईच्या, म्हणजे तुझ्या अंबूआजीच्या मनातली भीती तशीच होती. आबा कामावर गेले की एक भगत यायचा. डोळे मिटून म्हणायचा, "पोरगी वढ्याकाठी बसलीय. भुकंली हाय. रडती." आई त्याला तांदूळ द्यायची, कोंबडी द्यायची. पुढच्या अवसेला पोरगी पुन्हा भुकेली. आई घास उचलायची आणि खाली ठेवायची. मरणाला टेकली तरी मला विचारायची, "कैलास, पोरीनं खाल्लं आसंल का रं?" त्या एका गोष्टीने माझी आई जिवंतपणी झिजून गेली.

म्हणून मी म्हणालो, कुठंच नाही. म्हणजे नंदाला, तुझ्या आईला, आता भूक नाही, थंडी नाही, दुखणं नाही. तिच्या नावाने तुला कुणी भ्यायला लावू शकत नाही. तिथे व्हरांड्यात हे सगळं बोलायचं होतं. दोनच शब्द निघाले. पाठ का फिरवली, तेही तुझं तू समज.

आणि दुसरं कणीस तिचं नाही. जी नाही तिला कशाला ठेवू? लोणावळ्याहून संध्याकाळची गाडी येते, तिच्यातून तू उतरशील म्हणून भाजतो. नाही आलीस की सकाळी शेळीला घालतो. शेळी माजलीय.

तुझा बाप,
कैलास


लोणावळा,
१८ सप्टेंबर

बाबा,
जय भीम.

तुमचं पत्र ग्रंथालयाच्या पायरीवर उभ्याने वाचायला घेतलं आणि तिथेच बसले. खूप रडले. आतल्या म्हाताऱ्या फादरांनी पाण्याचा पेला आणून शेजारी ठेवला आणि परत आत गेले.

तुमची बाजू पुन्हा मांडते. चुकली तर पुन्हा लिहीन.

"मेलेलं माणूस कुठेतरी आहे असं म्हटलं की ते तिथे उपाशी असेल, कुडकुडत असेल ही काळजी जिवंत माणसाच्या मागे लागते. मग त्या काळजीवर कुणीही येऊन जगतो. मी बायकोला त्यातून सोडवलं आणि लेकीलाही सोडवू पाहिलं. म्हणून मी 'कुठंच नाही' असं म्हणतो."

आता बरोबर आहे का?

माझ्या शेवटच्या प्रकरणात मी युरोपातल्या त्या तुमच्या लोकांना कोरडं म्हटलं होतं. सगळं मोडून टाकलं आणि हातात काही दिलं नाही, असं. काल ती पानं काढून टाकली. त्यांनी लोकांच्या मनातून भीती काढून घेतली, आणि ज्याच्या घरी भगत येऊन गेलाय त्यालाच तिचं वजन कळतं. हे मला पुस्तकात दिसत होतं, पण अंबूआजी दिसत नव्हती.

पण मठवाल्यांचीही एक गोष्ट ऐका. नुसता आत्मा उरला तर ते माणूस पुरतं उरलं, असं तेही मानत नाहीत. त्यांच्या मते शरीर हे अंगावरचं कापड नव्हे, माणूस त्या दोहोंचा मिळूनच होतो. हे वाचलं तेव्हा मला आईचे हात आठवले. कोळशाने काळे झालेले, लिंबाचा वास येणारे. त्या हातांशिवाय ती कुठे तरंगत असेल, तर ती माझी आई नव्हे. इथपर्यंत तुम्ही, मी आणि ते सगळे एकाच बाजूला आहोत. पुढे ते म्हणतात, ते हात परत मिळतील. तुम्ही म्हणता, नाही. मला ते मिळावेत असं वाटतं, बाबा. फार वाटतं. वाटणं म्हणजे पुरावा नव्हे, हे तुमच्याच लोकांनी मला शिकवलंय आणि प्रबंधात मी तसंच लिहिलंय. पण वाटायचं थांबत नाही. ते थांबव असं तुम्ही मला सांगू नका. मी तिच्यासाठी भीत नाही, नुसती आठवण काढते.

पुण्याला मात्र याच. पहिल्या रांगेत बसा. सगळ्यांचे प्रश्न विचारून झाले की हात वर करा आणि कपाळाला आठ्या घालून विचारा, त्याला कुणी हलवलं? तिथे मी आधी तुमची बाजू सांगेन, मग माझी.

वादात हरले, हे लेखी कबूल करते. रविवारी संध्याकाळच्या गाडीने येतेय. पायऱ्या चढून वाट बघू नका, खालीच बसा. माझ्या कणसाला तिखट-मीठ आई लावायची तसं सढळ हाताने लावा. शेळीला काय सांगायचं ते तुम्ही बघा.

जी कुठेतरी आहे आणि जिला भूक लागते, ती तुमची
समी