पोट दिसलं, पीठ नाही

बोईसर, शनिवार संध्याकाळ

मासवणच्या बायकांना आज व्हिडिओ कॉलवर नाचणीच्या कुकीज शिकवल्या. त्यांना जमल्या, तर गावच्या अंगणवाडीत मैद्याच्या बिस्किटांऐवजी त्याच मिळतील. म्हणून मी पेटलेले! पण मला बसून बोलता येतं कुठे? फोन डब्याला टेकवला, उभी राहिले आणि मैद्याविरुद्ध दहा मिनिटं बोलत सुटले.

शेवटी त्यांच्यातली मंजूकाकी म्हणाली, "ताई, मगापासून तुमचं पोटच दिसतंय. तोंड नाय, पीठ पन नाय!"

खाली बसले. नाचणी, गूळ, तूप मळून दाखवलं. हात दिसले तसे प्रश्न सुरू झाले.

"सोमवारी पोरांना आमीच करून देतो," काकी म्हणाली. "तुमी या. पन बसून बोला."

जाईन, बसेनही. हे मात्र उभ्यानेच लिहिते आहे.