आवरलेलं स्वयंपाकघर

प्रिय आईस,
धाकटीचा वाकून नमस्कार.

मी मजेत आहे, वेळेवर जेवते.

आपल्या स्वयंपाकघराची तू फोनवर काढलेली फिल्म मी इथे प्रदर्शनाच्या खोलीत चारी भिंतींवर लावली आहे. मला ओट्यामागची काजळी हवी होती. तू आधी सगळं घासून लख्ख केलंस. मी कपाळाला हात लावला. पण "थांब हं, एवढा डबा पुसून घेते" हे तुझं बोलणं ऐकलं की लोक हसतात आणि आपापल्या आईबद्दल बोलू लागतात. काम तुझ्यामुळेच उभं राहिलं गं.

मधेमधे तुझा खोकला होता. तो फिल्ममधून कापला, पण माझ्या कानातून जात नाही. बाबा फोनवर "किरकोळ आहे" म्हणाले. डॉक्टर काय म्हणाले?

तुझीच,
धाकटी