आईसाठी पहिली ओळ

प्रिय ओक्सेताई,

तुझा व्हिसा पुन्हा नाकारला, हे मागच्या आठवड्यात वास्सोनं सांगितलं. तो मालाची गाडी घेऊन सीमेपार ये-जा करतो म्हणून बरं, नाहीतर आपल्याला एकमेकींचं काही कळलंच नसतं. आईला मी बोलले नव्हते, पण माझं तोंड बघून ती समजली. म्हणाली, "माझी किटलीसुद्धा सीमेवरच्या त्या कुंपणापेक्षा जुनी आहे, आणि ते मला माझी लेक भेटू देत नाही!" मग भिंतीकडे तोंड करून पडून राहिली.

ऑगस्टच्या सणाला रीतीप्रमाणे बाबांच्या कबरीवर कापड अंथरून जेवलो. तुझ्या वाटणीचं शहाजिऱ्याचं चीज आईनं कोपऱ्यात वेगळं ठेवलं होतं. शेजारच्या लीडेनं गप्पांच्या नादात ते खाऊन टाकलं, तर आईनं भर दफनभूमीत तिचा उद्धार केला. पूर्वी या दिवशी तुम्हा पलीकडच्यांना नुसतं नाव सांगितलं की शिपाई इकडे सोडायचे. आता तेही बंद. आपल्या सेतो लोकांची जिवंत माणसं निम्मी एस्टोनियात, आणि मेलेली सगळी इकडे रशियात. कधी कधी वाटतं, जाऊन त्या तारेवर डोकं आपटावं.

मरणाची भीती आईला नव्हतीच, भीती होती ती मुक्यानं पुरलं जाण्याची. आपल्यात आईला लेकीनं विलाप गाऊन निरोप द्यायचा, आणि ओळी त्याच वेळी आतून यायला हव्यात. आजीच्या वेळी तू कशी सुरुवात केली होतीस! मी आपली तुझ्यामागून ओळ उचलणारी. परवा आईनं मला जवळ बसवून तो विलाप म्हणायला लावला. "आई गं"च्या पुढे मला काही सुचेना. "राहू दे," ती म्हणाली, "ओक्से येईल." तेव्हा मला तुझा रागच आला, ताई. तिचं सगळं करायचं मी, आणि वाट बघायची तुझी.

आज सकाळी आई गेली. परवा दुपारी नेणार. मी धर्मगुरूंच्या पाया पडले, तेव्हा कुठे ते आईची गाडी आधी ओढ्याकाठी, तारेपाशी न्यायला तयार झाले. तू पलीकडून ये. शिपाई उभं राहू देतील की हुसकून लावतील, काही सांगता येत नाही. तरी ये. तुझी ओळ ऐकू आली की मी मागून उचलीन. ही चिठ्ठी न्यायला वास्सो दारात गाडी चालू ठेवून थांबलाय. तू आली नाहीस तर आईला मुक्यानंच मातीत घालावी लागेल, आणि ते माझ्यानं होणार नाही गं.

तुझीच,
इरो