खोलीची शांतता

दादा,

वीस वर्षं मी विस्मरणात गेलेल्या कलावंतांवर माहितीपट करतेय. कॅमेऱ्यासमोर रडणारे नातेवाईक मला नवे नाहीत, पण तुझी मात्र शिसारी आली. मावशीने रंगवलेल्या नाटकाच्या पडद्यापुढे बसून तू म्हणालास, "आई फार मोठी कलावंत होती." मग डोळे पुसत विचारलंस, "नीट आलं ना? की परत रडू?"

होती? अरे, मावशी आतल्या खोलीत जिवंत होती! तिला बाहेर आण म्हटलं, तर म्हणालास, "तिचा अवतार बघितलास का? उगाच शोभा होईल."

शेवटी आम्ही नेहमीप्रमाणे खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड केली. संकलनात दोन वाक्यांमधले सांधे भरायला ती लागते. सगळे श्वास रोखून उभे होतो आणि आतून खोकला आला. तू वैतागलास. "गप पडून राहा म्हणून बजावलं होतं तिला! तेवढं काढून टाक."

हे पत्र मी टाकणार नाही. माहितीपटाच्या पहिल्या खेळाला तू नवा कोट घालून पुढच्या रांगेत बसशील, तेव्हाच कळू दे तुला.

तुझं रडणं काढून टाकलंय. खोकला ठेवलाय.

नाइलाजाने तुझी,
मावसबहीण